मुक्या चित्रांना आवाज कुणाचा?

गेल्या महिन्यात कुरियरवाल्याने एक जाडजूड स्मरणिका आणून दिली. डोंबिवलीतल्या एका जुन्या साहित्य मंडळाची. मंडळाचं नाव मी लिहीत नाही आणि त्या वेळच्या त्यांच्या कार्यवाहांचंही लिहीत नाही. त्यांची नातवंडं याच गावात राहतात, त्यांचा यात काही दोष नाही. पानं उलटता उलटता मध्यावर एका लेखाशी थांबले. परदेशी मूक व्यंगचित्रपटांना मराठी संवाद देण्याचा आपल्या भागातला पहिला प्रयोग कार्यवाहांनी केला, असं त्यात लिहिलं होतं. खाली चौकटीत ते संवादही छापले होते, ‘त्यांच्या मिश्किल प्रतिभेचा नमुना’ म्हणून. मी ते वाचले आणि समोरचा चहा तसाच निवला. सून म्हणाली, “आई, चेहरा असा का झाला? गोळी घेतली ना सकाळची?” गोळी घेतली होती. पण ते संवाद माझ्या सगुणाआत्याचे होते, आणि साठेक वर्षांत एकालाही ते छापताना तिची आठवण झाली नव्हती. मी शाळेत पोरांना निबंध शिकवण्यात जन्म घालवला, पण हा एक निबंध लिहायचा राहून गेला होता. तो आता लिहिते.

आम्ही ठाकुर्लीला रेल्वेच्या क्वार्टरमध्ये राहायचो. बाबा तिथल्या वीजघरात खलाशी, म्हणजे यंत्रांवरचे मदतनीस, होते. दीड खोली, मागे मोरी, पुढे पडवी, आणि पडवीतून दिसणारी वीजघराची धुराडी. दिवसभर एक घुमघुम चालायची, इतकी सारखी की पाहुणे आले की विचारायचे, हा आवाज कसला, आणि आम्ही म्हणायचो, कुठला आवाज? वाळत घातलेल्या कपड्यांवर कोळशाची बारीक राख बसायची. आई कपडे दोरीवरून काढताना प्रत्येक कपडा दोनदा झटकायची, आणि तो फटफट आवाज संध्याकाळी ओळीने सगळ्या क्वार्टरमधून यायचा. रविवारी बाजरीची भाकरी आणि कांदा घालून परतलेलं सुकट. त्या वासाने शेजारच्या कोकणातल्या काकू पातेलीभर भात घेऊन यायच्या आणि म्हणायच्या, “आमच्याकडे आज काहीच केलं नाही हो,” आणि आई हसून त्यांच्यासाठी वाटी भरायची.

सगुणाआत्या बाबांची मोठी बहीण. नगरकडच्या गावात तिच्या नवऱ्याने दुसरी बायको आणली. त्या दिवशी आत्याने चूल सारवली, भाकऱ्या थापून ठेवल्या आणि दुपारच्या एसटीने निघाली, ती थेट आमच्याकडे. कल्याणच्या एका दवाखान्यात तिला आयाचं काम मिळालं. ती दुसरीपर्यंत शिकलेली. सही करायची, बसची पाटी वाचायची, त्यापुढे अक्षरांशी तिचं फारसं जमलं नाही. पण बोलणं! दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाईंपासून ते इंजेक्शनला घाबरून कॉटखाली लपलेल्या म्हाताऱ्यापर्यंत प्रत्येकाचा आवाज ती काढायची. जेवताना तिने सुरुवात केली की बाबांना ठसका लागायचा.

कल्याणच्या रेल्वे कॉलनीत एक अँग्लो-इंडियन गार्डसाहेब राहायचे. त्यांची बायको वर्षभर अंथरुणाला खिळली होती आणि दवाखान्याची वेळ संपली की आत्या तिचं करायला जायची. पुढे बाई गेली, मुलांनी साहेबांना परदेशी बोलावून घेतलं, आणि निघताना साहेबांनी एक लाकडी खोका आत्याच्या हातात दिला. आत हाताने फिरवायचं एक छोटं प्रोजेक्टर आणि फिल्मच्या नऊ डब्या. साहेबांनी तिला सांगितलं, “सगुनाबाई, ये सब बड़ा बड़ा किताब का मस्करी है. किताब में सब लोग रोता है, इसमें हँसता है.” त्यांच्या मोडक्या हिंदीतलं हे वाक्य आत्या नेहमी जसंच्या तसं म्हणून दाखवायची.

ती कार्टून होती, मुकी, काळी-पांढरी, बोलपट यायच्या आधीच्या काळातली. विलायतेतली गंभीर नाटकं, महाकाव्यं, जाड कादंबऱ्या घेऊन कुणीतरी त्यात प्राणी घातले होते. मधेमधे इंग्रजी अक्षरांच्या पाट्या यायच्या. त्या आमच्या ओळीत कुणालाच वाचता येत नव्हत्या, म्हणून आत्या बोलायची. रविवारी दिवेलागणीला दवाखान्यातून रद्द झालेली एक चादर भिंतीला ठोकायची, बुद्धाची तसबीर होती तिच्या समोरच्या भिंतीला, म्हणजे ती काढावी लागायची नाही. बाबा हँडल फिरवायला मागायचे, पण आत्या देत नसे. एका हाताने खरखर खरखर फिरवायची, दुसरा हात मोकळा, तो बोलताना लागायचा. खोलीत वीस, पडवीत तीस माणसं. आई उकडलेल्या शेंगांचं पातेलं मधे ठेवायची.

सगळ्यात आवडतं होतं कोंबडा-कोंबडीचं. दोन हाडवैरी घराणी, एकीकडचा कोंबडा, दुसरीकडची कोंबडी. कोंबडी वर गच्चीत, कोंबडा खाली, छातीवर पंख ठेवून काहीतरी लांबलचक बोलतोय, मग वेलीला धरून चढतोय, पडतोय, पुन्हा चढतोय. आत्या कोंबडीच्या आवाजात म्हणायची, “अरे मेल्या, जिन्यानं ये की! जिना काय माहेरी गेलाय?” मग कोंबडा, नाकातून: “जिन्यात तुझा बाप झोपलाय.” शेवटी दोघं प्रेमापायी विष पितात, आणि ते विष निघतं एरंडेल. दोघं पोट धरून एकाच संडासाकडे पळतात. आत्या तिथे दवाखान्यातली आया व्हायची: “दोन चमचे सांगितलं होतं, बाटली कुणी प्यायला सांगितली? आणि आता रांगेत उभं राहा, घराणं बघून नंबर लागत नाही इथं!” लोक भिंतीला टेकून हसायचे. दुसरं एक होतं अस्वलाचं. अस्वल जहाजाचा कप्तान, घरी जायला निघालाय आणि वाटेत रमतोय, आणि घरी बायको त्याची वाट बघत मफलर विणतेय. मफलर खिडकीतून बाहेर, रस्त्यावर, डोंगरापलीकडे गेला तरी विणतेच आहे. इथे आत्या फार बोलत नसे. बायकोच्या तोंडी एकच वाक्य द्यायची: “विणून झालं. आता मी कडी लावते.” चित्रात ती कडी लावत नव्हती. आत्या लावायची. आई त्या वेळी मान खाली घालून शेंगा सोलत बसायची.

मूळ पुस्तकं मी पुढे कॉलेजात वाचली. त्या नाटकाच्या तासाला मुलगी गच्चीत आली आणि मला हसू फुटलं, सरांनी बाहेर काढलं. वऱ्हांड्यात उभी राहून मी विचार करत होते, की आत्याने एक ओळ न वाचता त्या सगळ्या रडारडीचं मर्म पकडलं होतं. घराण्याच्या नावावर पोरं मरतात, आणि ज्यांना ते थोर वाटतं त्यांना एकदा संडासाच्या रांगेत उभं करायला हवं. हे तिला शिकवायला कुणी लागलं नव्हतं.

शाळेत माझं मराठी चांगलं होतं. वक्तृत्वात बक्षिसं मिळायची. आमच्या मराठीच्या बाईंनी कुणाकडून तरी आत्याच्या खेळाबद्दल ऐकलं आणि मंडळाच्या कार्यवाहांना सांगितलं. एका रविवारी ते आमच्याकडे आले. पांढरंशुभ्र धोतर, कोट, काखेत वही. बाबांनी शेजारून खुर्ची आणली. पाणी दिलं ते त्यांनी हातात घेतलं आणि न पिता खाली ठेवलं. हे तेव्हा मला दिसलं, पण कळलं नाही, आईला कळलं. खेळ सुरू झाला आणि कार्यवाह इतके हसले की चष्मा काढून डोळे पुसायला लागले. मधेच वहीत काहीतरी लिहायचे, पुन्हा हसायचे. जाताना म्हणाले, “अहो, हा ठेवा आहे ठेवा! आमच्या वार्षिक कार्यक्रमात आणाच.” आत्या पदर तोंडाला लावून हसली. तिला इतकं खूश मी फार थोड्या वेळा पाहिलं.

ती पंधरा दिवस तयारी करत होती. दवाखान्यात रजा टाकली. “तिकडं शिकलेली माणसं असतात, मेल्या-बिल्या कमी करते,” असं म्हणाली आणि मोरीत भांडी घासताना कोंबडीचे नवे संवाद म्हणून बघायला लागली. कार्यक्रमाच्या दिवशी पांढरी साडी नेसली, काठाला निळी रेघ असलेली. खोका बाबांच्या डोक्यावर, मागे आत्या, मी, आई, आणि क्वार्टरमधली पंधरा-वीस माणसं, असे आम्ही चालत डोंबिवलीला गेलो.

सभागृहाच्या दारातच कार्यवाह भेटले. त्यांनी माझ्या हातात टाइप केलेले चार कागद दिले.

“निवेदन नंदा करेल,” ते म्हणाले. “हिचे उच्चार स्वच्छ आहेत.”

आत्या म्हणाली, “आणि मी?”

“तुम्ही यंत्र फिरवा ना! ते तुमच्याशिवाय कुणाला जमणार?”

“फिरवीन. पण बोलायचं…”

“सगुणाबाई, घरी ठीक होतं हो ते. इथे व्यासपीठ आहे. एका अभिजात कलाकृतीबद्दल आपण बोलतोय. भाषेची पातळी नको का सांभाळायला?” आणि माझ्या डोक्यावर हात ठेवून ते हळूच म्हणाले, “तू तर तुमच्यातली वाटतच नाहीस.”

हे वाक्य मला आजही जाळतं. पण खरं लिहायचं ठरवलंय तर पुढचंही लिहिते. तेरा वर्षांची मी त्या वाक्याने फुलून गेले होते. मला वाटलं, माझं कौतुक झालं.

बाबा आत्याला म्हणाले, “जाऊ दे आक्का. मोठी माणसं आहेत.” आत्याने माझ्याकडे पाहिलं. मी कागद छातीशी धरले होते. तिने ते पाहिलं आणि म्हणाली, “वाच. नीट वाच.”

आधी कार्यवाह पाऊण तास त्या मूळ नाटकाच्या थोरवीवर बोलले. मग दिवे मालवले, खरखर सुरू झाली, आणि मी माइकसमोर वाचायला लागले: “प्रस्तुत चित्रकृतीत एका अजरामर शोकांतिकेचे मनोरंजक विडंबन केले असून, त्यातील नायक कुक्कुटरूपात दर्शविला आहे.” माझे उच्चार खरोखर स्वच्छ होते. पडद्यावर कोंबडा पडत होता, उठत होता, पुन्हा पडत होता आणि कुणी हसत नव्हतं. समोरच्या खुर्च्यांत माणसं देवळात बसल्यासारखी बसली होती. मागे उभ्या असलेल्या आमच्या माणसांतून कुणीतरी ओरडलं, “सगुणे, बोल की!” आणखी दोघं-तिघं म्हणाले, “ताई, बोल ना!” कार्यवाह ताडकन उठले. “शांतता! ही काय चाळ आहे?” मागचे गप्प झाले. मी पुढचं वाक्य वाचलं. अंधारात आत्याचा हात दिसत होता, एका लयीत फिरणारा. दुसरा हात तिने मांडीवर ठेवला होता.

शेवटी संडासाकडची पळापळ आली तेव्हा एक-दोन जण खुसखुसले. कार्यवाहांनी त्याबद्दल सभेची माफी मागितली, मूळ कृतीत असं ग्राम्य काही नाही म्हणाले. मग आभार. सभागृहाचे, ध्वनिक्षेपकवाल्यांचे, कुमारी नंदाचे, आणि यंत्र उपलब्ध करून दिल्याबद्दल माझ्या वडिलांचे. बाबांचे! ते यंत्र आत्याच्या सेवेचं होतं, एका मरणाऱ्या बाईचं अंथरूण तिने वर्षभर काढलं होतं त्याचं. बाबा उठून उभे राहिले, नमस्कार केला आणि बसले. मला एक शाईचं पेन मिळालं. निघताना कार्यवाह म्हणाले, “यंत्र न्या, पण डब्या खोक्यासकट इथेच राहू द्या. तुमच्याकडे कोळशाची धूळ. आमच्या लोखंडी कपाटात सुरक्षित राहतील.” आत्याने तोंड उघडायच्या आत बाबा “हो साहेब” म्हणून मोकळे झाले.

आत्या दर आठवड्याला कामावरून येताना ठाकुर्लीला न उतरता पुढे डोंबिवलीला जाऊन डब्या मागायची. कार्यवाह नाहीत, किल्ली नाही, पुढच्या आठवड्यात या. घरी चादर घडी घालून ठेवलेली. रविवारी लोक पडवीत येऊन बसायचे आणि थोड्या वेळाने उठून जायचे.

दिवाळीनंतर शाळा उघडली त्या आठवड्यात मराठीच्या बाई मंडळाचा अंक घेऊन वर्गात आल्या. “मुलांनो, विनोद कसा असावा ते ऐका,” म्हणाल्या. लेखकाचं नाव कार्यवाहांचं. पहिलंच वाक्य: “हे मूढा, सोपानमार्गे का येत नाहीस? सोपान काय मातृगृही गेला आहे?” वर्ग हसला. मला क्षणभर काही उमजलंच नाही, आणि उमजलं तेव्हा कान तापले. ओळीमागून ओळ आत्याची होती, धुऊन, इस्त्री करून. त्या दिवशी आमच्या घरात बसून डोळे पुसत ते वहीत काय लिहीत होते ते मला आता कळलं. ज्या तोंडाला त्यांनी सभागृहात गप्प बसवलं, त्याच तोंडातलं त्यांनी काढून घेतलं होतं.

मी उभी राहिले. “बाई, हे माझ्या आत्याचं आहे.”

“तुझी आत्या लेखिका आहे?”

“नाही. दवाखान्यात आया आहे. ती हे बोलते.”

वर्ग पुन्हा हसला, मघापेक्षा जोरात. बाई म्हणाल्या, “नंदा, थोरामोठ्यांवर असा आळ घेऊ नये. बस खाली.” मी बसले. पण अंक मागून घेतला आणि घरी नेऊन आत्याला सगळा वाचून दाखवला. ती भाजी निवडत होती. शेवटपर्यंत ऐकलं.

“एरंडेलाचं?” तिने विचारलं.

“ते नाही घेतलं.”

“मग सोपान का काय तो कशाला चढायला लावलाय त्या कोंबड्याला?” ती म्हणाली. हसली नाही. भाजीची टोपली आईकडे सरकवली आणि म्हणाली, “शनिवारी माझ्याबरोबर चल.”

शनिवारी सकाळची शाळा सुटल्यावर आम्ही मंडळाच्या वाचनालयात गेलो. आत पेन्शनर मंडळी वर्तमानपत्रं वाचत होती. कार्यवाह टेबलाशी. आत्या म्हणाली, “माझ्या डब्या द्या.”

“बाई, त्या संस्थेच्या संग्रहात जमा झाल्यात.”

“मी दिल्या नाहीत.”

“तुमच्या भावाने दिल्या. आणि हळू बोला, ही वाचनाची जागा आहे.”

“तुम्ही तुमचं वाचा,” आत्या म्हणाली. “मी माझं बोलते.”

ती बाहेर गेली आणि पायरीवर बसली, भर रस्त्याला तोंड करून. मला वाटलं आता रडेल. तिने पदर खोचला आणि मोकळ्या आवाजात सुरुवात केली: “एका गावात दोन घराणी होती. एकमेकांच्या उकिरड्यावरसुद्धा जायची नाहीत…” प्रोजेक्टर नाही, चादर नाही, दुपारचं लखलखीत ऊन. समोरची भाजीवाली थांबली. सायकलवरून जाणारे दोघं पाय टेकून उभे राहिले. कोंबडा पहिल्यांदा वेलीवरून पडला तेव्हा दहा माणसं होती, तिसऱ्यांदा पडला तेव्हा रस्ता अडला होता. आतले पेन्शनर खिडकीशी आले, एक जण हातात वर्तमानपत्र तसंच धरून दारात. तिने मेल्या-बिल्या काही कमी केलं नाही. आणि गच्चीचा प्रसंग रंगात आला असताना ती थांबली, आवाज खाली आणला आणि म्हणाली, “आता बघा, कुंपणाआड कोण बसलंय? कोल्हा. धोतर नेसून. वही घेऊन बसलाय. ही दोघं काय बोलतात ते सगळं उतरवून घेतोय. उद्या गावात सांगणार, हे प्रेम मीच केलं!”

रस्ता हसला. दारातले पेन्शनर हसले, आणि हसता हसता त्यांनी मागे वळून टेबलाकडे पाहिलं. मीही पाहिलं. कार्यवाहांचा चेहरा मला तेव्हा बघायचाच होता. लाज वाटलेला तो चेहरा नव्हता, ते मी अगदी स्पष्ट सांगते. आपल्या अंगणात कुणीतरी घाण केली असा तो चेहरा होता. आत्या एरंडेलापर्यंत पोहोचायच्या आधीच शिपाई खोका घेऊन बाहेर आला आणि तिच्या शेजारी ठेवून निघून गेला. तिने तरी गोष्ट पुरी केली. संडासाची रांग, घराणं, नंबर, सगळं. मग उठली, साडी झटकली आणि खोका उघडला.

डब्या आठच होत्या. अस्वल होतं. कोंबडा-कोंबडी नव्हती. कार्यवाह आतूनच म्हणाले, शोधून ठेवतो. ती डबी त्यांनी कधीच दिली नाही. तिचं काय झालं मला माहीत नाही, पण संवाद मात्र त्यांनी नीट जपले, ते पुन्हा पुन्हा छापून आले, आणि गेल्या महिन्यात घरपोच आले.

आम्ही रुळांच्या कडेकडेने ठाकुर्लीकडे चालू लागलो. खोका आत्याच्या काखेत. मी त्या माणसाबद्दल काय काय बोलत होते, चोर म्हटलं, ढोंगी म्हटलं, मोठी झाले की पेपरात देईन म्हटलं. आत्या ऐकत होती. फाटक आलं तेव्हा ती थांबली.

“तो परका माणूस,” ती म्हणाली. “त्याचं मला एवढं नाही. पण तू माइकसमोर होतीस, नंदा. चार कागद वाचलेस. एकदा थांबून म्हणायचंस, ही माझी आत्या आहे, हे ती बोलते. एवढंच.”

गाडी गेली, फाटक उघडलं, लोक आमच्या दोन्ही बाजूंनी पुढे निघाले.

“चुकले आत्या,” मी म्हणाले.

“हो,” ती म्हणाली, “चुकलीस.” आणि खोका दुसऱ्या काखेत घेऊन चालू लागली.